वाडीला कळणारच आहे, हे धरून चाला

प्रश्न: मी २८ वर्षांची आहे. लग्नाचं शूटिंग करते आणि स्वतःची पहिली डॉक्युमेंटरी करायची आहे. आमच्या तालुक्यात किनाऱ्यालगतच्या एका वाडीत गावकीने एका कुटुंबाला ३ वर्षांपासून वाळीत टाकलं आहे. देवळालगतच्या जागेवरून वाद झाला, गावकीने दंड लावला, यांनी भरला नाही. पोलिसांत तक्रार दिली, पण पुढे काही हललेलं नाही. नवरा-बायको कॅमेऱ्यासमोर बोलायला तयार आहेत, त्यांची १३ वर्षांची मुलगीही बोलते म्हणते. माझा मिररलेस कॅमेरा आहे, एका मित्राचा ड्रोन आहे, हाताशी ८० हजार रुपये आहेत. चेहरे झाकावेत का? गावकीची बाजू घ्यावी का? कायद्यात कुठे अडकेन? फिल्म झाली की पहिल्यांदा त्याच गावात, देवळासमोर पडदा लावून दाखवायची माझी फार इच्छा आहे.
– एक वाचक, रत्नागिरी जिल्हा

उत्तर:

ताई,

तुमच्या पत्रात त्या कुटुंबाचं आडनाव होतं, वाडीचं नाव होतं, घर देवळापासून कितव्या पाखाडीला, म्हणजे दगडी गल्लीला, आहे तेही होतं. छापायच्या आधी ते सगळं आम्ही काढलं. तुम्हाला दोष देत नाही, विषय मनात घोळत असला की माणूस भरभरून सांगतो. पण कामाची सुरुवात इथूनच करा. आजपासून वहीत, फोनमध्ये, मित्राला पाठवलेल्या मेसेजमध्ये त्या घराचा उल्लेख खुणेनेच करायचा. ‘घर १’ म्हणा, ‘काकू अ’ म्हणा. कुठली खूण कुणाची, हे लिहिलेला कागद एकच असू द्या आणि तो कॅमेऱ्याच्या बॅगेत ठेवू नका.

आता आधी कागदपत्रं बघा, कॅमेरा नंतर. ‘तक्रार दिली’ म्हणजे नक्की काय झालं? नुसता अर्ज दिला, अदखलपात्र नोंद झाली, की एफआयआर? एफआयआर असेल तर कोणत्या कायद्याखाली? सामाजिक बहिष्काराविरुद्धचा महाराष्ट्राचा २०१६चा कायदा ३ जुलै २०१७ पासून लागू आहे. त्यात वाळीत टाकणं हा दखलपात्र गुन्हा आहे आणि शिक्षा ३ वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. तक्रार पोलिसांकडे देता येते, तशी थेट न्यायदंडाधिकाऱ्यासमोरही करता येते. आरोपपत्र दाखल झाल्यापासून ६ महिन्यांत खटला पुरा व्हावा, असं कायद्यातच म्हटलं आहे. याआधी मुंबई राज्याचा १९४९चा बहिष्कृतीविरोधी कायदा होता, तो सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्ये घटनाबाह्य ठरवला. मधली पन्नासहून जास्त वर्षं असा स्वतंत्र कायदाच नव्हता. वाडीतल्या सत्तरीच्या माणसाला ‘हा गुन्हा आहे’ हे ऐकून खरोखरच नवल वाटतं ते त्यामुळे. त्याची मुलाखत घेताना हे लक्षात असू द्या, म्हणजे त्याच्या उत्तरात मुजोरी किती आणि अज्ञान किती हे तुम्हाला वेगळं काढता येईल.

याच कायद्यातली आणखी एक तरतूद तुमच्या फिल्मला थेट लागते. पीडित कुटुंबाची संमती आणि न्यायालयाची परवानगी असेल तर या गुन्ह्यात तडजोड होऊ शकते. म्हणजे शूटिंग अर्ध्यावर असताना गावकी आणि हे कुटुंब एकत्र बसलं, मिटवायचं ठरलं आणि काकू, म्हणजे त्या घरातली बायको, म्हणाल्या ‘आता फिल्म नको’, असं अगदी होऊ शकतं. त्या घरासाठी ती चांगली बातमी असेल. पैसे आणि दिवस यांचा हिशेब मांडताना हे धरून चाला. अशा वेळी तुमच्या वर्षभराच्या मेहनतीचा भार काकूंच्या डोक्यावर पडता कामा नये.

कुटुंबाला वकील नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जायला सांगा. १९८७च्या विधी सेवा कायद्याच्या कलम १२ प्रमाणे महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, त्यामुळे अर्ज काकूंच्या नावाने करावा. हेल्पलाइन १५१००. हे काम शूटिंगच्या आधी व्हायला हवं. कॅमेऱ्यासमोर बोललेलं वाक्य आणि जबाबात लिहिलेलं वाक्य यात तारखेचा जरी फरक निघाला, तरी समोरचा वकील तो पकडतो. त्यांच्या वकिलाला विचारल्याशिवाय घटनेचा तपशील रेकॉर्ड करू नका.

मुलीबद्दल आमचं उत्तर स्पष्ट ‘नाही’ असं आहे. बाल न्याय कायदा, २०१५ च्या कलम ७४ प्रमाणे गुन्ह्यात पीडित किंवा साक्षीदार असलेल्या मुलाचं नाव, पत्ता, शाळा किंवा ओळख पटेल असा कोणताही तपशील प्रसिद्ध करता येत नाही. शिक्षा ६ महिन्यांपर्यंत कैद किंवा २ लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. नुसता मुलीचा चेहरा झाकून हे भागत नाही. आईवडिलांचे चेहरे आणि गावाचं नाव दाखवलंत की मुलगी आपोआप ओळखू येते. म्हणजे मुलगी फिल्ममध्ये नसली तरी तिच्यामुळे आईवडिलांची ओळखही झाकावी लागेल. वकिलाला नेमका हाच प्रश्न विचारा. मुलीला बोलायचंच असेल तर तिचं ऐका, जेवढा वेळ बोलेल तेवढा वेळ ऐका, पण रेकॉर्डर बंद ठेवून.

आता चेहऱ्याचा प्रश्न. ४० घरांच्या वाडीत चेहरा झाकून कुणीही लपत नाही. चालण्याची ढब, खोकला, ‘मगे’ म्हणायची लकब, अंगणातल्या वृंदावनाचा रंग, पडवीतला बाक, दारातला कुत्रा, एवढ्यावर वाडी माणूस ओळखते. शिवाय वाळीत टाकलेलं घर वाडीत एकच आहे! तेव्हा काकूंना ‘तुमचा चेहरा दिसणार नाही, काळजी करू नका’ असं कधीच सांगू नका. ते खोटं आश्वासन ठरेल आणि त्यावर दिलेली संमतीही फसवून घेतलेली असेल. त्यांना विचारायचं ते असं: ‘वाडीला कळणारच आहे. तरी चालेल का?’ आणि मग दुसरा प्रश्न: ‘वाडीबाहेर कोणाला कळलेलं चालणार नाही?’ या दुसऱ्या प्रश्नाला माणसं नावं घेऊन उत्तर देतात. मुंबईला मुलगा कामाला आहे त्याचा शेठ, भाचीचं लग्न जमतंय ते घर, शाळेतले सर. ही नावं लिहून घ्या. तुमचं झाकणं या नावांपासून आहे, आणि ते जमू शकतं.

बहुतेक जण चुकतात ते इथे: आधी सगळं स्वच्छ शूट करायचं आणि एडिटिंगला चेहरा धूसर करायचा. मग हार्ड डिस्क हरवली, लॅपटॉप दुरुस्तीला दिला की मूळ चेहरा बाहेर. झाकायचं ते शूट करतानाच झाका, म्हणजे मूळ फाइलमध्ये चेहरा नसेलच. खिडकीकडे पाठ करून बसवा, एक्स्पोजर बाहेरच्या उजेडावर धरा, चेहरा त्यापेक्षा किमान ४ स्टॉप (दर स्टॉपला उजेड निम्मा) खाली जाऊ द्या. कॅमेरा लॉग प्रोफाइलवर किंवा रॉमध्ये ठेवू नका. त्यात सावल्यांमधला तपशील टिकतो आणि कुणीही ब्राइटनेस वर ओढला की नाक-डोळे उगवतात. साधं स्टँडर्ड प्रोफाइल लावा. पहिली क्लिप तिथेच लॅपटॉपवर घ्या, सावल्या पूर्ण वर ओढून बघा आणि काकूंनाही दाखवा. त्यांनी ‘मी ओळखू येत नाही’ म्हटल्यावर पुढे जा. मागच्या भिंतीवरची आरशाची फळी, काचेचं कपाट, स्टीलची घागर यांत चेहरा उमटतो का तेही बघून घ्या.

हातांची दृश्यं घेणार असाल तर मे महिन्यात आमसुलं करताना घ्या. फोडलेली रातांबी, लाल झालेली बोटं, मिठाचा वाडगा, सुपात पसरलेल्या साली. असं काम चालू असताना माणूस सैल होऊन बोलतो. पण आधी मनगटं आणि पोटऱ्या बघा. गोंदण असेल, जुनी भाजल्याची खूण असेल, एखादं वाकडं बोट असेल, तर हातसुद्धा ओळख देतात. चौकटीत येणारी होडी असेल तर तिच्यावरचा नोंदणी क्रमांक, एसटीची पाटी, देवळाचा कळस, खाडीपलीकडच्या डोंगराची रेघ हे सगळं तपासा. परीक्षा सोपी आहे. त्याच तालुक्यातल्या पण त्या वाडीशी संबंध नसलेल्या माणसाला दोन मिनिटांचा तुकडा दाखवा आणि ‘हे कुठलं गाव?’ विचारा. त्याने बरोबर सांगितलं तर काय बघून ओळखलं ते विचारून तेवढं काढा.

आवाजाचंही असंच. सॉफ्टवेअरने आवाज जाड-बारीक केला तर तो बराचसा उलटा फिरवता येतो. त्याऐवजी मुलाखत शब्दशः उतरवा आणि दुसऱ्या बाईच्या आवाजात पुन्हा रेकॉर्ड करा. पुण्या-मुंबईच्या नटीचा आवाज नको, तालुक्यातलीच बोली बोलणारी कोणीतरी हवी. मूळ बोलण्यातले थांबे आणि अडखळणं तसंच ठेवायचं, ते ‘सुधारू’ नका. फिल्मच्या सुरुवातीला पाटी द्या की सुरक्षेसाठी आवाज बदलला आहे, शब्द त्यांचेच आहेत.

आणि आता सगळ्यात नाजूक माणूस. तुमच्या पत्रात एक ओळ होती, ती आम्ही वर छापली नाही: रात्री अंधार पडल्यावर शेजारची एक बाई मागच्या दाराने त्यांना दूध देते. ताई, तुमच्या फिल्ममध्ये खरा धोका त्या बाईला आहे. कुटुंबाशी वाडी बोलत नाहीच, त्यांचं जे जायचं ते गेलंय. या बाईचं अजून सगळं शाबूत आहे, आणि तुमच्या एका दृश्याने जाऊ शकतं. ती फिल्ममध्ये नको. तिचा तांब्या नको, मागचं दार नको, ‘काही जण अजून लपून मदत करतात’ हे वाक्यसुद्धा नको. ते वाक्य ऐकल्यावर गावकी पहिल्यांदा त्या घराला लागून असलेल्या चार घरांकडे बघेल. तिने स्वतःहून ‘माझंही घे’ म्हटलं तरी केस निकाली निघेपर्यंत थांबा. काकू मुलाखतीत तिचं नाव घेतील, त्यांना ते घ्यावंसं वाटणारच. रेकॉर्डिंग थांबवून सांगा, आणि तो तुकडा त्याच दिवशी मूळ फाइलसकट पुसा.

संमती एकदाच सही घेऊन पुरी होत नाही. तीन वेळा घ्या: शूटिंगच्या आधी, मुलाखतीनंतर आठवड्याभराने आणि रफ कट, म्हणजे फिल्मची कच्ची जुळणी, दाखवल्यावर. नवरा-बायकोची वेगवेगळी घ्या, शक्यतो वेगवेगळ्या दिवशी. नवऱ्याने ‘आमचं ठरलंय’ म्हटलं की बायको गप्प बसते, आणि पाणी भरायला अडीच किलोमीटर तीच जाते. कागद मराठीत, मोठ्या अक्षरात, दीड पानापेक्षा जास्त नको, आणि तो वाचून दाखवायचा. त्यात फिल्म कुठे कुठे दाखवणार, यूट्यूबवर येणार का, पैसे मिळाले तर त्यांचं काय, आणि संमती कोणत्या दिवसापर्यंत मागे घेता येईल, हे हवंच. हा शेवटचा दिवस पिक्चर लॉकचा, म्हणजे एडिटिंग पक्कं करून दृश्यं बदलणं थांबवायचा, धरा आणि तारीख लिहा. मधल्या आठवड्यात काय बिघडतं याकडे लक्ष द्या. मुलाखतीनंतर दोन-तीन दिवसांत वाडीत कुजबुज सुरू होते, वाडीच्या मुंबईतल्या मंडळातून फोन येतात, आणि माणसाला आपण काय बोलून बसलो याची भीती वाटायला लागते. त्या दिवसांत तुम्ही फोन केला पाहिजे. झोप उडाली असेल, जीव घाबरा होत असेल तर टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर द्या, तो मोफत आहे आणि मराठीत बोलता येतं. तातडीची वेळ आली तर ११२.

एक वचन मात्र देऊ नका: ‘हे फुटेज मी कुणालाही देणार नाही.’ भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ९४ खाली न्यायालय किंवा पोलीस तुमच्याकडून कागदपत्रं आणि उपकरणं मागवू शकतात, आणि ‘मी फिल्ममेकर आहे’ म्हणून त्यातून सुटका नाही. म्हणून जे कुणाच्याही हाती पडायला नको, ते रेकॉर्डच करू नका. याचीच दुसरी बाजू म्हणजे तुमचं फुटेज कुटुंबाच्या बाजूचा पुरावाही होऊ शकतं. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे डिजिटल पुराव्याबरोबर प्रमाणपत्र आणि हॅश व्हॅल्यू (फाइलचा डिजिटल ठसा) द्यावी लागते. कार्डवरून फाइल उतरवली की लगेच एसएचए-२५६ हॅश काढून वहीत तारखेसह लिहा आणि मूळ फाइलचं नाव बदलू नका.

आता थोडं फिल्मच्या आतल्या गोष्टीबद्दल, कारण वाळीत टाकणं हा दिसायला अवघड विषय आहे. त्यात मारहाण नाही, रक्त नाही. जे व्हायला हवं होतं ते होत नाही, एवढंच आहे. लग्नाची पत्रिका येत नाही. वर्गणीच्या पावतीपुस्तकात यांच्या नावाची पावती फाडली जात नाही. मयताला खांदा द्यायला माणसं येत नाहीत. हे कॅमेऱ्याने पकडायचं तर आवाजाचा आधार घ्या. शिमग्यात पालखी घरोघर जाते त्या दिवशी बाहेर जाऊन पालखी शूट करू नका. त्यात वाडीतली सगळी माणसं येतील, त्यांची संमती नाही, आणि भांडण पेटायला तेवढं कारण पुरेसं आहे. कॅमेरा घरात ट्रायपॉडवर ठेवा, चौकटीत नुसतं सारवलेलं खळं, आणि रेकॉर्डर पडवीत ४०–५० मिनिटं चालू. पाखाडीने ढोल जवळ येतो, शेजारच्या अंगणात थांबतो, देवाला घातलेलं गाऱ्हाणं ऐकू येतं, आणि मग ढोल पुढे निघून जातो, लांब लांब होत. ती पन्नास मिनिटं तुमच्या फिल्मचा कणा ठरू शकतात. गाऱ्हाण्यात गावाचं किंवा ग्रामदेवतेचं नाव येतं, तेवढं एडिटिंगला काढा.

समुद्राच्या आवाजाने किनाऱ्यावरच्या मुलाखती हमखास वाया जातात. गाज कानाला सवयीची असते, म्हणून शूटिंगच्या वेळी जाणवत नाही, आणि एडिटिंगला एका कटवर मोठी, दुसऱ्यावर बारीक अशी उडी मारते. मुलाखत ओहोटीच्या वेळेला ठेवा. भरतीची वेळ रोज सुमारे ५० मिनिटं पुढे सरकते, त्यामुळे सोमवारी सकाळी १० ची बैठक शांत मिळाली म्हणून शुक्रवारी १० ला मिळेलच असं नाही. प्रत्येक जागी कोणीही न बोलता ६० सेकंद नुसता खोलीचा आवाज घ्या. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, बोलण्याची उंची उणे १२ डेसिबलच्या आसपास. लेपल माइक हनुवटीखाली वीतभर, आणि तो काकूंनी स्वतः लावावा, तुम्ही फक्त दाखवा. मंगळसूत्र माइकवर घासतं. ते काढायला सांगू नका, माइक बाजूला सरकवा. पंखा बंद, फ्रिज बंद, आणि फ्रिज पुन्हा चालू करायला विसरू नये म्हणून गाडीची किल्ली फ्रिजवर ठेवा. पत्र्याची पडवी असेल तर जून ते सप्टेंबर आतल्या मुलाखतींचा विचारही नको. ट्यूबलाइट आणि एलईडीचं लुकलुकणं टाळायला २५ फ्रेम्स आणि १/५० शटर. एसी खोलीत रात्रभर असलेला कॅमेरा सकाळी बंद बॅगेतच अर्धा तास बाहेर ठेवा, नाहीतर लेन्सवर दव धरतं आणि पुढे बुरशी.

प्रश्न विचारताना ‘वाळीत टाकलं तेव्हा काय वाटलं?’ हे टाळा. त्याला ‘वाईट वाटलं’ याशिवाय उत्तर नाही. ‘दुसऱ्या दिवशी सकाळी पाण्याला कुठे गेलात? वाटेत कोण भेटलं? त्यांनी मान कुठे वळवली?’ असं विचारलंत तर तो दिवस उभा राहतो. उत्तर संपल्यावर मनात सहा अंक मोजा, मग पुढचा प्रश्न. पुष्कळदा खरं बोलणं त्या सहा अंकांत येतं. ५० मिनिटांपेक्षा जास्त ताणू नका आणि तीच आठवण दुसऱ्या अँगलसाठी पुन्हा बोलायला लावू नका. काकू जोत्यावर बसल्या असतील तर तुम्हीही जोत्यावर बसा. शेवटचा प्रश्न साधा असू द्या, पावसाचा, माशांचा, माहेरचा. जखम उघडी टाकून तुम्ही गाडी काढून निघून जायचं, असं होता कामा नये.

गावकीची बाजू घ्याच. न घेतल्यास फिल्म अर्धी राहते आणि बदनामीच्या दाव्यात, म्हणजे भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ मध्ये, तुमची बाजू लंगडी पडते. मात्र क्रम सांभाळा: कुटुंबाचं शूटिंग पुरं होऊन फुटेज जिल्ह्याबाहेर पोचल्यावर, आणि त्यांच्या वकिलाला कळवून. प्रश्न लेखी, रजिस्टर पोस्टाने, उत्तराला १५ दिवस. बहुतेक वाड्यांचं मुंबईत मंडळ असतं आणि पुष्कळ निर्णय तिथल्या बैठकीत होतात, तेव्हा पत्राची प्रत तिकडेही. भेट मिळाली तर एकट्या जाऊ नका, आणि कॅमेरा सुरू करण्याआधी सांगा की अशा बहिष्काराला कायद्यात शिक्षा आहे आणि ते जे बोलतील ते रेकॉर्ड होईल. हे ऐकून ते बोलले नाहीत तर नाही बोलले. ‘प्रश्न पाठवले, उत्तर आलं नाही’ अशी तारखेसह पाटी पुरते. देवळातल्या बैठकीत लपवून फोन चालू ठेवू नका. एका अशा क्लिपमुळे तुमची बाकीची सगळी प्रामाणिक फिल्म संशयात येते.

ड्रोन नको. २५० ग्रॅमपेक्षा जड ड्रोनने व्यावसायिक काम करायचं तर ड्रोन नियम, २०२१ प्रमाणे रिमोट पायलट प्रमाणपत्र लागतं, आणि उडवण्याआधी सरकारच्या डिजिटल स्काय पोर्टलवर तो भाग कोणत्या झोनमध्ये आहे ते पाहावं लागतं. पण आमचं खरं कारण वेगळं आहे. वरून दिसणारी वाडीची रचना म्हणजे वाडीचा नकाशाच, तो पाहून अर्धा तालुका घर शोधून काढेल. आणि ड्रोनचा आवाज आला की अख्खी वाडी अंगणात येते.

साठवणीचा हिशेब: १०० मेगाबिटवर एका तासाचे ४५ जीबी. ३० तासांचं शूटिंग धरलं तर सुमारे १३५० जीबी. २ टीबीच्या तीन डिस्क घ्या, तिन्ही व्हेराक्रिप्ट या सॉफ्टवेअरने कुलूपबंद, त्यातली एक रत्नागिरी जिल्ह्याबाहेर. गावातून निघण्याआधी कार्डवरचं डिस्कवर आलं पाहिजे. फोनने फोटो काढत असाल तर लोकेशन बंद. ८० हजारांतला पहिला खर्च या डिस्कचा, दुसरा वकिलाच्या दोन बैठकींचा, तिसरा चांगल्या माइकचा. कॅमेऱ्याची नवी लेन्स घेऊ नका. कुटुंबाला बोलण्याचे पैसे देऊ नका, कोर्टात ‘पैसे घेऊन साक्ष’ असं वळण लागतं. तालुक्याला यायचं भाडं आणि जेवण तुम्ही करा, पावत्या ठेवा. त्यांच्या घरी मुक्काम करू नका, शेजारच्या गावात राहा. तुम्ही राहिलात ती रात्र त्यांना पुढे वर्षभर ऐकवली जाईल.

आता पडदा. सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉरचं, म्हणजे सीबीएफसीचं प्रमाणपत्र लागतं, आणि त्यासाठी मुंबई कार्यालयाकडे ऑनलाइन अर्ज करावा लागेल. महोत्सवांसाठी सूट मिळते, ती आयोजक केंद्र सरकारकडून घेतात. माहितीपटांसाठी मुंबईचा ‘मिफ’ हा महोत्सव १९९० पासून आहे आणि एक वर्षाआड भरतो, प्रवेशिकेच्या तारखा पाहून एडिटिंगचं वेळापत्रक आखा. पण सगळ्यात आधी रफ कट फक्त त्या नवरा-बायकोने बघायचा, वाडीबाहेर, तालुक्याच्या एखाद्या बंद खोलीत, मुलीशिवाय. त्या वेळी हातात कागद घेऊन बसा. त्या जिथे हलतील, पदर ओढतील, नवऱ्याकडे बघतील, तो टाइमकोड लिहा आणि नंतर त्याबद्दल विचारा. ‘ठीक आहे’ हे उत्तर पहिल्या दिवशी धरू नका. नंतर वकील. मग दुसऱ्या जिल्ह्यातला प्रेक्षक.

देवळासमोर पडदा लावायची तुमची इच्छा आम्हाला कळते. जिथे अन्याय झाला तिथेच तो सगळ्यांनी मिळून बघावा, असं वाटणं चुकीचं नाही. पण शो संपल्यावर तुम्ही जनरेटर गाडीत टाकून निघाल, आणि त्या घरात रात्री साडेनऊला दिवा मालवून दोघं बसलेली असतील. खटल्याचा निकाल लागेपर्यंत किंवा रीतसर तडजोड होईपर्यंत गावात शो करू नका. त्यानंतरही तो ठरवायचा तो काकूंनी, आणि त्यांनी वर्षभर काहीच उत्तर दिलं नाही तर ते ‘नाही’ समजा.

तोपर्यंत ज्यांना फिल्म पाठवाल त्यांना पासवर्डची लिंक द्या, डाउनलोड बंद ठेवा, आणि प्रत्येक प्रतीवर बघणाऱ्याचं नाव उमटवा, कोपऱ्यात बारीक नको, चौकटीच्या मधोमध. मंडळाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एखादी प्रत फिरलीच, तर ती कुणाकडून सुटली हे तासाभरात कळेल, आणि काकूंना ते दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी तुम्हाला फोन करता येईल.